कॅम्पातल्या मैत्रिणीचा पासपोर्ट

गोंदिया जिल्ह्यातल्या अर्जुनी मोरगावला माझं झेरॉक्स आणि ऑनलाइन फॉर्मचं दुकान आहे. सातबारा, उत्पन्नाचा दाखला, धान विक्रीची नोंदणी, शिष्यवृत्ती, पॅन, आधार, सगळं. दिवसभर लोकांचे कागद हाताखालून जातात. कोणाच्या नावात कुठे काना-मात्रा चुकली आहे ते मला त्यांच्या घरच्यांच्या आधी कळतं. एक फॉर्म मात्र असा आला की तो तडीला न्यायला अडीच वर्षं लागली. तो माझ्या मैत्रिणीचा होता. तिचं नाव लिहीत नाही. तिच्या भावाचे कागद अजून चालू आहेत, माझ्या लिहिण्याने त्याला त्रास व्हायला नको.

ती गोठणगावजवळच्या तिबेटी कॅम्पातली. कागदावर त्याचं नाव नोरग्येलिंग, पण आमच्याकडे कॅम्प म्हटलं की कळतं. अकरावी-बारावी आम्ही एका बाकावर काढली. ती बोलायला लागली की डोळे मिटून ऐका, धानपट्टीतलीच पोरगी वाटेल. 'मी आहो', 'काऊन', 'होय जी', सगळं आमच्यासारखं. आम्ही दोघी १९८१च्या. माझा जन्म अर्जुनीचा, तिचा कॅम्पातला, मधे नुसती बांध्यांची वाट. तरी सोळाव्या वर्षी मला कोणी काही विचारलं नाही आणि तिला पोलीस अधीक्षक कार्यालयात नेऊन परदेशी नागरिक म्हणून नोंदवलं. हातात एक पुस्तिका दिली. तिला ते आरसी म्हणतात. वर फोटो, खाली राष्ट्रीयत्व: तिबेटी. दरवर्षी जाऊन शिक्का मारून आणायचा. अलीकडे पाच वर्षांनी एकदा झालं, पण तिच्या पुस्तिकेत वर्षा-वर्षाचे शिक्के ओळीने आहेत. कुठे निळी शाई, कुठे जांभळी, एक तर पुसटून नुसता गोल राहिलेला.

तिच्या आईला मी आमा-ला म्हणायची. 'आमा' म्हणजे आई आणि 'ला' म्हणजे आपल्या 'जी'सारखं. ती मला 'पुमो' म्हणायची, म्हणजे पोरी. १९५९च्या मार्चमध्ये दलाई लामा ल्हासा सोडून निघाले, महिनाअखेर भारताच्या हद्दीत आले आणि त्यांच्या मागोमाग हजारो माणसं हिमालय उतरली. त्यातच ही होती, आईचं बोट धरून. रात्री चालायचं, दिवसा दडायचं. कमरेला सत्तूची पिशवी, गळ्यात ताईत. खाली आल्यावर हिमाचलच्या रस्त्यांवर खडी फोडली. तिथेच मोठी झाली, लग्न झालं. मैसूर राज्यात बायलाकुप्पेला १९६०-६१मध्ये पहिली वसाहत झाली, मग देशात ठिकठिकाणी झाल्या. आपल्या महाराष्ट्राच्या वाट्याची ही १९७२ची. तेव्हा आमचा जिल्हा भंडारा होता. गोंदिया १९९९मध्ये वेगळा झाला, पण तिबेटी लोकांच्या कागदांवर अजूनही हा 'भंडारा' कॅम्पच आहे.

आमा-ला सांगायची, पहिल्या उन्हाळ्यात डब्यातलं लोणी सकाळीच पातळ व्हायचं. लोणी जिथे थिजत नाही तिथे माणूस कसा राहील, म्हणून बायका रडायच्या. ज्या लोकांनी जव पिकवला, याक राखले, त्यांनी आमच्या लोकांकडून रोवणी शिकून घेतली. चिखलात उतरून परे लावले. पण एका पिकावर घर चालत नाही, म्हणून दिवाळी झाली की अर्धा कॅम्प लुधियानाहून उधारीवर स्वेटर उचलतो आणि गावोगावी दुकान मांडून बसतो. माझी मैत्रीण दर हिवाळ्यात अकोल्याला जाते. तुमच्याही घरात तिबेटी बाजारातला एखादा स्वेटर असेल. तो विकणाऱ्या बाईचं शेत आमच्याकडे असू शकतं, एवढं लक्षात असू द्या.

तर पासपोर्ट. तिची मुलगी २००२ची, नर्सिंगला जायचं तिच्या डोक्यात पक्कं होतं. प्रत्येक फॉर्मवर राष्ट्रीयत्वाचा रकाना. तिथे गाडी अडायची. पोरीचा बाप फौजेत, तिबेटी जवानांची जी तुकडी १९६२च्या युद्धाच्या वेळी उभी राहिली, जिला हे लोक 'टू-टू' म्हणतात, तिच्यात. बाप सरहद्दीवर उभा आणि पोरगी फॉर्मवर परदेशी. मला ते तेव्हाही सहन होत नव्हतं, आताही होत नाही.

जानेवारी २०१७मध्ये सीझन संपवून ती अकोल्याहून आली आणि सरळ दुकानात शिरली. मोबाइलवर एक बातमी. दिल्ली उच्च न्यायालयाने सप्टेंबर २०१६मध्ये सांगितलं होतं की २६ जानेवारी १९५० नंतर आणि १ जुलै १९८७च्या आधी भारतात जन्मलेले तिबेटी हे नागरिकत्व कायद्याप्रमाणे जन्मानेच भारतीय आहेत, त्यांना पासपोर्ट नाकारता येणार नाही. ती मला म्हणाली, "वाचून सांग, मी कोण आहो?" मी दोनदा वाचलं. १९८१. ती भारतीयच होती. पहिल्या दिवसापासून. कोणी काही नवं देत नव्हतं, जे होतं तेच कबूल करत होते. आणि आई भारतीय असल्यामुळे २००२ची पोरगीही भारतीय. दुकानात गर्दी होती. ती स्टुलावर बसून राहिली, लोक येत-जात राहिले.

मग तिने विचारलं, "आणि भाऊ?"

भाऊ १९८९चा. त्याच घरात, त्याच खोलीत, त्याच सुईणीच्या हाताने जन्मलेला. कायदा १ जुलै १९८७ला बदलला, त्यानंतर जन्मणाऱ्याचे आई किंवा वडील भारतीय असावे लागतात. आई-वडील दोघं निर्वासित. म्हणजे बहीण भारतीय, भाऊ परदेशी. मी तिला हे तीन वेगवेगळ्या तऱ्हेने समजावून पाहिलं आणि तिन्ही वेळा वाक्य तिथेच येऊन थांबलं.

त्या वर्षी महाशिवरात्र २४ फेब्रुवारीला आणि लोसार, म्हणजे त्यांचं नवं वर्ष, २७ला. आमच्याकडच्या प्रतापगडावर यात्रा भरलेली, आमच्या बाजूची सगळी माणसं महादेवाला चाललेली आणि कॅम्पात घरोघरी खाप्से तळण्याचा वास. लोसारच्या दोन रात्री आधी गुथुक करतात. नऊ जिनसा घालून केलेलं दाट सूप, आणि प्रत्येकाच्या वाडग्यात कणकेचा एक मोठा गोळा. गोळा फोडायचा, आत जे निघेल तसा तुमचा स्वभाव. मिरची निघाली तर बडबड्या, कोळसा निघाला तर काळ्या मनाचा. मला लोकर निघाली. आमा-लाने ती माझ्या तळहातावर ठेवून मूठ मिटली आणि म्हणाली, "मऊ मन. तूच भर हिचा फॉर्म."

मार्चमध्ये परराष्ट्र मंत्रालयाने पासपोर्ट कार्यालयांना न्यायालयाच्या निकालाप्रमाणे वागायला सांगितलं. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात मी फॉर्म उघडला.

पहिलाच अडथळा, आडनाव. तिबेटी माणसाला बहुधा आडनाव नसतं. मूल झालं की लामांकडून नाव आणतात, दोन शब्दांचं, आणि ते बापाशी जुळायला हवं असं काही नाही. आमा-लाचं नाव तर एका शब्दाचं. शाळेत गुरुजींनी दाखल्यावर मैत्रिणीच्या नावापुढे बापाच्या नावातला एक शब्द आडनाव म्हणून लावून दिला होता. आधारवर तेच उलट क्रमाने. आरसीवर स्पेलिंग वेगळं. तीन कागद, तीन बाया. जन्माचा दाखला नव्हताच, कॅम्पात घरी जन्मलेल्या पोरांची नोंद त्या काळी कोण करणार? शाळेचा दाखला, कॅम्पातल्या सेटलमेंट ऑफिसचं पत्र, नावाचं प्रतिज्ञापत्र, राजपत्रात नाव, हे सगळं जमवता जमवता एप्रिल गेला. नागरिकत्व कशाने, या प्रश्नापुढे 'जन्माने' हा पर्याय निवडायचा होता. मी माउस तिच्या हातात दिला. तिने कधी कॉम्प्युटर हाताळलेला नव्हता, बाण स्क्रीनभर पळत होता. पण क्लिक तिनेच केलं. पंधराशे रुपये भरले, तारीख मिळाली.

कार्यालयात मी सोबत गेले. कोणतं ते सांगत नाही. पहिल्या खिडकीवर कागद स्कॅन झाले, फोटो झाला. दुसऱ्या खिडकीवरच्या साहेबांनी आई-वडिलांच्या जन्मस्थळावर बोट ठेवलं. तिबेट. मग आरसी मागितली, पानं उलटली आणि म्हणाले, "तुम्ही तर स्वतःच दरवर्षी येऊन परदेशी असल्याचा शिक्का मारून घेतलाय." ते रागाने बोलले नाहीत, खरंच बुचकळ्यात पडले होते. तिने उत्तर दिलं नाही. सोळाव्या वर्षी जे पुढे केलं त्यावर सही करणारी पोरगी काय उत्तर देणार? निकालाची प्रत मी पुढे केली. त्यांनी ती फाइलला लावून घेतली आणि वरून विचारून कळवू म्हणाले.

कळलं ते जूनमध्ये. पासपोर्ट हवा असेल तर अटी आल्या होत्या. आरसी परत करायची. परदेशी जाण्यासाठी तिबेट्यांना मिळणारं पिवळं ओळखपुस्तक काढलं असेल तर तेही. हिमाचलातल्या धर्मशाला इथल्या तिबेटी प्रशासनाकडून, म्हणजे त्यांच्या निर्वासित सरकारकडून, कोणताही लाभ घेत नाही, निर्वासित म्हणून मिळणारी सवलत घेत नाही, असं लिहून द्यायचं. आणि तिबेटी वसाहतीत राहायचं नाही.

ही शेवटची अट मी तिला फोनवर सांगितली नाही. रोवणीचे दिवस होते. मी बांधीपर्यंत चालत गेले. गुडघाभर चिखलात ती वाकलेली, हातात पऱ्ह्याची पेंढी. ऐकून घेतलं, पेंढी संपवली, मग वर आली.

ज्या घरात जन्मल्यामुळे ती भारतीय ठरत होती, ते घर सोडलं तरच तिला भारतीय म्हणून कागद मिळणार होता. मी हजारो फॉर्म भरलेत. नियम कडक असतात, वेळखाऊ असतात, मी त्यांच्याशी भांडत नाही, वाट काढते. पण हा नियम मला कधीच पटला नाही आणि ज्यांनी तो केला त्यांनी कॅम्पातलं एक तरी घर पाहिलं होतं का, हा प्रश्न मनातून जात नाही.

कारण ते घर म्हणजे नुसत्या भिंती नाहीत. वर्षानुवर्षं ते कौलारूच होतं. तिचे वडील स्लॅब टाकू द्यायचे नाहीत. स्लॅब टाकला म्हणजे परत जायचं नाही असं ठरवल्यासारखं होतं, असं ते म्हणायचे. कॅम्प झाला त्याच १९७२ साली त्यांच्या लोकांनी हिरवं पुस्तक सुरू केलं. दरवर्षी प्रत्येक माणसाने आपल्या निर्वासित सरकारला थोडे पैसे द्यायचे आणि पुस्तकात नोंद करून घ्यायची. वडिलांनी एकही वर्ष चुकवलं नाही. पावसात गळणाऱ्या छपराखाली परात ठेवून ते पैसे भरायला जायचे. स्लॅब टाकला तो त्यांच्या माघारी.

आणि आतल्या खोलीत देवघर. काचेच्या कपाटात बुद्धमूर्ती, तारादेवी, दलाई लामांचा फोटो, आणि पुढे पितळेच्या सात वाट्या. आमा-ला पहाटे उठून त्या पुसायची, एका ओळीत मांडायची, डावीकडून पाणी भरत जायची. दोन वाट्यांमधे जवाच्या एका दाण्याएवढं अंतर हवं, फार जवळ नाही, फार लांब नाही. पाणीही काठाच्या एक दाणा खाली. इथे जव कुठला, म्हणून ती धानाच्या दाण्याने मापायची. मी कितीदा पाहिलंय, वयाने हात थरथरायचा पण पाणी सांडायचं नाही. सूर्य मावळायच्या आधी वाट्या रिकाम्या करून पालथ्या घालायच्या. आमच्याकडेही बुद्धच आहेत. माझे आजोबा १९५६च्या १४ ऑक्टोबरला नागपूरला दीक्षा घेऊन आले. पण आमच्या घरी एक मेणबत्ती, एक फूल आणि बाबासाहेबांचा फोटो, एवढंच. बाबांना कॅम्पातले दिवे, मंत्र, फिरवायची प्रार्थनाचक्रं बरीच वर्षं परकी वाटायची. कर्मकांड सोडून आलो आपण, असं ते म्हणत.

आमा-लाला अटी मी सांगितल्या, मैत्रिणीच्या तोंडून निघेना. तिने ऐकलं आणि तिच्या हिंदी-मराठीत म्हणाली, "पुमो, सांग हिला, जा. आम्ही घर सोडलं तेव्हा कोणी कागद नाही दिला. हिला देतात तर घे म्हण." पण मैत्रीण उठली आणि चुलीपाशी गेली. आमा-ला आहे तोवर नाही, एवढंच तिने माझ्याजवळ सांगितलं. फाइल बंद पडली. पंधराशे रुपये गेले. तिने आरसीचा शिक्का मारून आणला.

आमा-ला गेली डिसेंबर २०१८मध्ये, ऐन सीझनला. मैत्रीण अकोल्याचं दुकान शेजारणीवर टाकून रात्रीच्या गाडीने आली. त्यांच्यात ४९ दिवस पाळतात. गेलेला जीव त्या दिवसांत पुढच्या जन्माची वाट शोधत असतो, म्हणून लामा येऊन त्याला वाट सांगणारे पाठ वाचतात, दिवे लावतात. फार रडू नये म्हणतात, रडण्याने जाणाऱ्याचा पाय अडतो. ४९व्या दिवशी बाबा माझ्यासोबत आले. बाहेर बाकावर बसतील असं मला वाटलं होतं. आत लामांनी पाठ सुरू केला, 'संग्ये' हा शब्द आला. बाबांनी हळूच विचारलं, संग्ये म्हणजे काय? भावाने सांगितलं, बुद्ध. मग धर्म, मग संघ. बाबा उठून आत गेले. लामांचं संपल्यावर त्यांनी विचारलं, मी म्हटलं तर चालेल का? आणि हात जोडून त्रिशरण म्हटलं. बुद्धं सरणं गच्छामि. तीच तीन शरणं, आधी तिबेटीत, मग पालीत. कॅम्पातल्या म्हाताऱ्या बाया शब्द न कळता मान हलवत होत्या.

पाऊस सुरू व्हायच्या आधी, २०१९मध्ये, तिने अर्जुनीत माझ्या गल्लीत खोली घेतली. भाडेकरार, बँकेच्या पासबुकावर नवा पत्ता, आधार दुरुस्ती. फॉर्म पुन्हा पहिल्यापासून. हमीपत्र मीच टाइप केलं. छापायच्या आधी प्रत्येकाला मोठ्याने वाचून दाखवायची माझी सवय आहे, नंतर कोणी म्हणायला नको की आम्हाला माहीत नव्हतं. तिलाही वाचून दाखवलं. 'मी कोणत्याही तिबेटी वसाहतीत राहत नाही' ही ओळ आली तेव्हा तिचा भाऊ स्टुलावरून उठून बाहेर गेला आणि मोटारसायकलची गादी पुसत उभा राहिला. गादी स्वच्छ होती.

आरसी जमा करायच्या आदल्या दिवशी ती म्हणाली, सगळ्या पानांची झेरॉक्स काढ, कोरी पानंसुद्धा. मी रंगीत काढल्या. पहिल्या पानावर सोळा वर्षांची ती, दोन वेण्या, कॉलेजात माझ्या शेजारी बसायची त्याच्या थोडं आधीची. मग शिक्के, एकामागून एक. काचेवर पान ठेवायचं, झाकण लावायचं, उजेड सरकायचा. पुसट गोल शिक्क्याचं पान तिने पुन्हा काढायला लावलं, गडद करून. एक संच तिने घेतला. दुसरा म्हणाली तू ठेव, माझ्याकडचा हरवला तर.

पोलीस पडताळणी झाली, ऑक्टोबरमध्ये पोस्टमनने पाकीट आणलं. निळं पुस्तक. जन्मस्थळाच्या रकान्यात आमच्या तालुक्याचं गाव. तिने ते उघडून पोरीला दाखवलं, पोरीने त्या पानाचा फोटो काढला आणि नर्सिंगच्या प्रवेशाला काय काय लागतं ते विचारायला लागली. आम्ही तिघींनी त्या दिवशी दुकान बंद करून शेवयांची खीर केली.

कॅम्पातलं घर भावाकडे आहे. तो आरसीवर आहे आणि राहील. ती रोज पहाटे गोठणगावची पहिली गाडी पकडून जाते, गोंपाभोवती, म्हणजे त्यांच्या मठाभोवती, प्रदक्षिणा घालते, भावाचं शेत असेल तेव्हा रोवणीलाही उतरते, आणि झोपायला अर्जुनीत येते. आमा-लाच्या पितळी वाट्या तिने भावाच्या घरातच ठेवल्या, देवघर हलवायचं नाही म्हणाली.

खोलीसाठी नव्या घ्यायला आम्ही आठवडी बाजारात गेलो. स्टीलच्या, सपाट बुडाच्या. भांडेवाला म्हणाला, डझनावर आहेत, सुट्या देत नाही. तिला सातच हव्या होत्या. बाकीच्या पाच मी घेतल्या.